खैरनारकाकांचं ‘परत सांग’

आमच्या जेल रोडच्या सोसायटीतले खैरनारकाका कुणाचंही बोलणं एकदा ऐकून मान्य करत नाहीत. दूधवाला म्हणाला, "उद्या येणार नाही," की काका लगेच, "परत सांग." एकलहऱ्याच्या वीजकेंद्रात त्यांची हयात गेली. तिथे फोनवर आलेली प्रत्येक सूचना ऐकणाऱ्याने पुन्हा म्हणून दाखवायची असते. तिथे ते शहाणपण असेल. घरात तो छळ आहे, हे मी त्यांना तोंडावर सांगतो.

मी सोसायटीच्या पाण्यासाठी सह्या गोळा करतो. माझं पत्रक त्यांनी मला तीनदा वाचायला लावलं आणि सही केलीच नाही. "खात्री पटत नाही, बाबा."

आणि हाच माणूस दिवसभर मोबाइलवर करतो काय? प्रेमाचा गेम खेळतो! निळ्या केसांची एक चित्रातली पोरगी बोलते, खाली वाक्यं उमटतात, आपण उत्तर निवडायचं. पहिल्या भागात काकांनी ‘संशय’ निवडला. पोरगी निघून गेली. आता दुसऱ्या भागात ती परत आलीय आणि विचारतेय, "या वेळी तरी विश्वास ठेवशील?" खाली दोन बटणं. तीन आठवडे काका तिथेच अडकलेत. दाबत काहीच नाहीत. मागे जाऊन तिला तेच वाक्य पुन्हा बोलायला लावतात.

"दाबा की ‘विश्वास’! चित्रातली पोरगी तुमचं काय लुटणार आहे?" मी ओरडलो.

"ही कंटाळत नाही रे. कितीदा विचारलं तरी सांगते."

कंटाळल्या त्या मंगलकाकू. शाळेच्या गॅदरिंगहून उशिरा आल्या. "कुठे होतीस?" याचं उत्तर काकांनी तिसऱ्यांदा मागितल्यावर बॅग भरून माहेरी, देवळ्याला गेल्या. सहा वर्षं झाली. बरं केलं, असंच माझं मत.

परवा पुन्हा सहीसाठी गेलो, तर गेमच्या मधेच फोन वाजला. काकांनी स्पीकर लावला. ऐकू कमी येतं.

"मंगल बोलतेय. रविवारी येते. जमलं तर राहीन."

झालं, म्हटलं! आता हा गृहस्थ ते दोन शब्द बोलणार आणि बाई तिकडेच राहणार. काकांचे ओठ हललेसुद्धा. मग त्यांनी मूठ आवळून तोंडावर धरली.

"ये," एवढंच म्हणाले.

फोन बंद झाला. काकांनी मोबाइल बाजूला ठेवला. मग माझी बाही धरली.

"रविवारच म्हणाली ना?"

"रविवारच."

"आणि राहीन म्हणाली?"

"हो, काका. जमलं तर."

"परत सांग."

मी पत्रक खाली ठेवलं आणि पहिल्यापासून सांगितलं.