सत्तर लाख वर्षांनंतरचं सुतक

स्पास कारामफिलोव्ह आयुष्यात कधी चुकला नव्हता! असं गावात दुसरं कुणी म्हणत नसे, म्हणून तो स्वतःच म्हणायचा. मेस्ता नदीकाठच्या त्या बल्गेरियन गावात दीड खोलीचं एक संग्रहालय होतं. तिथला संचालक, मार्गदर्शक, रखवालदार आणि झाडूवाला, सगळं काही एकटा स्पास! पाहण्यासारखी वस्तूही एकच. मेटाइल्युरस नावाच्या, सत्तर लाख वर्षांपूर्वी नामशेष झालेल्या मांजरीची कवटी. तीस वर्षांपूर्वी स्पासनंच ती ओढ्याकाठी उकरून काढली होती. माणूस अविवाहित, तेव्हा पोटच्या पोरीसारखं तिला जपायचा.

भिंतीवर त्यानं मांजरांचा वंशवृक्ष रंगवला होता. एका फांदीवर कट्यारीसारख्या सुळ्यांची जनावरं, दुसरीवर आपल्या मनीची साधी घराणी. मेटाइल्युरसचे सुळे धड कट्यार नव्हेत, धड साधे दात नव्हेत. जगभरचे पंडित त्यावर भांडत होते. स्पासनं मात्र तिचं कागदी चित्र बेधडक कट्यारवाल्यांच्या फांदीवर टाचलं होतं. "आमच्या गावची मांजर साधी असेल कशी?"

पण नगराध्यक्ष हारालांपी एक दिवस म्हणाले, "स्पास, वर्षभरात सात माणसं आली, त्यातली पाच पाऊस लागला म्हणून शिरली! शनिवारी अकरा वाजता सोफियाच्या प्राध्यापक बाई येतायत. चाळीस माणसं दिसली तर मांजर राहील. नाहीतर खोक्यात घालून सोफियाला!"

स्पासची झोपच उडाली. गावातले लोक वाचतात तरी काय? वर्तमानपत्र नाही, नगरपालिकेची सूचना तर नाहीच. वाचतात ती फक्त निधनाची पत्रकं! काळी चौकट, मधे फोटो, आणि दारांवर, विजेच्या खांबांवर, बसथांब्यावर चिकटवलेली. ती वाचायला आंधळाही चष्मा लावतो!

झालं! स्पासनं मजकूर लिहिला : "मेटाइल्युरस. आमच्या संग्रहालयाचा प्राण, मागे वंश न ठेवता हरपला. श्रद्धांजली शनिवारी अकरा वाजता, संग्रहालयात." सोबत कवटी हातात धरलेला स्वतःचा फोटो. छापखानेवाला कोस्टा जेवायला गेला होता, म्हणून पाकीट दाराखालून आत सरकवलं आणि स्वारी बाईंना आणायला सोफियाच्या बसमध्ये बसली. फोन नेहमीप्रमाणे स्वयंपाकघराच्या खिडकीत राहिला.

कोस्टानं पाकीट उघडलं आणि मटकन खाली बसला. "अरेरे! एकटा जीव! बिचाऱ्यानं जाण्याआधी स्वतःची सोय स्वतःच करून ठेवली!" फोटोतली कवटी मात्र त्याला खटकली. मयताच्या पत्रकावर कवटी? काही लाजलज्जा? त्यानं ती कापून टाकली आणि स्पासचा हसरा चेहरा तेवढा ठेवला.

संध्याकाळपर्यंत गाव हळहळलं. बेकरीपुढच्या रांगेत कुणीतरी विचारलं, "हे मेटाइल्युरस काय गं?"

"आजाराचं नाव," नव्वदीच्या दाफिना आजी म्हणाल्या. "आमच्या नणंदेचा नवरा त्यातच गेला. यकृतापासून सुरू होतं."

शनिवारी स्पास प्राध्यापक झेचेवा बाईंना घेऊन हमरस्त्यावर उतरला. गावात चिटपाखरू नाही, दुकानं बंद! पण संग्रहालयापुढे पाहतो तर दोनशे माणसं! काळे कपडे, हातात मेणबत्त्या, मयताच्या नावानं वाटायच्या, साखर पेरलेल्या उकडलेल्या गव्हाची ताटं.

"बघा बाई!" स्पासचा ऊर भरून आला. "याला म्हणतात विज्ञानाची ओढ!"

पायरीवर नगराध्यक्ष डोळे पुसत होते. "स्पास म्हणजे हिरा होता हिरा! त्याच्या स्मृतीसाठी ती मांजर इथून हलणार नाही. शब्द देतो!"

"वा, वा!" मागून स्पासनं टाळ्या वाजवल्या.

दोनशे माना वळल्या. तीन ताटं पडली. बेकरीवाली झ्लातिना, जिच्याशी स्पास तीस वर्षांत "एक पाव द्या" यापलीकडे बोलला नव्हता, ती कार्नेशनची सहा फुलं घेऊन रडत होती. ती ओरडली, "मेल्या, जिवंत आहेस होय!"

सगळा उलगडा होईतो नगराध्यक्ष लालबुंद झाले. "मी शब्द मयताला दिला होता! मयत कुठाय? ही माणसं तुझ्यासाठी आली. मांजरीसाठी कोण आलंय? हात वर करा!"

एकही हात वर गेला नाही. झेचेवा बाईंनी सोबत आणलेल्या खोक्याचं झाकण उघडलं. स्पासची तीस वर्षं त्या खोक्यात सहज मावणार होती.

तेवढ्यात दाफिना आजींनी काठी आपटली. "मी मांजरीसाठीच आले. पत्रकावर नाव तिचंच आहे!"

"आजी, तुम्ही तिला ओळखायचात?" नगराध्यक्षांनी विचारलं.

"लहानपणापासून! कुणाच्या दुधाला तोंड लावलं नाही हो बिचारीनं!"

"एवढे सुळे, पण कधी माज म्हणून नाही!" कोस्टा हुंदका देऊन म्हणाला.

"आमच्या कोंबड्यांकडे तिनं मान वर करून बघितलं नाही!" गर्दीतून आवाज आला.

मग काय! दोनशे हात वर! नगराध्यक्षांनी कपाळाला हात लावला आणि मांजर गावातच ठेवायच्या कागदावर सही केली. झ्लातिनानं सहातलं एक फूल काढून घेतलं आणि पाच स्पासच्या हातात कोंबली. फुलं मयताला सम, जित्याला विषम, हे तिथं शेंबड्या पोरालाही ठाऊक! स्पास कानापर्यंत लाल झाला.

बाईंनी रिकामं खोकं मिटलं. मात्र जाता जाता वंशवृक्षावरची कागदी मांजर काढून दोन्ही फांद्यांच्या मधोमध टाचली आणि शेजारी प्रश्नचिन्ह काढलं. स्पासनं तो अपमान गव्हाबरोबर गिळला. राहिली ना पोर घरात!

चाळीसावा दिवस जवळ आला. रिवाजानं आता दुसरं पत्रक हवं, आणि गाव तर मांजरीचा चाळीसावा घालायला हटूनच बसलेलं! या वेळी स्पास स्वतः कोस्टापुढे उभा राहिला. "माझा फोटो अजिबात नको! हा घे, यात कवटी बाईंच्या हातात आहे."

"निश्चिंत राहा दादा. एकदा चूक झाली, पुन्हा होणार नाही."

स्पास निश्चिंत राहिला. तिसऱ्या दिवशी सोफियाहून फोन आला. खुद्द झेचेवा बाई!

"स्पास, तुमच्या नगराध्यक्षांनी माझ्या घरी फुलं का पाठवलीत?"

स्पासनं खिडकीतून समोरच्या खांबाकडे पाहिलं. काळ्या चौकटीतून बाई प्रसन्न हसत होत्या.

"किती आहेत बाई?" त्यानं बारीक आवाजात विचारलं.

"चोवीस."

स्पासनं हळूच फोन ठेवून दिला.