मानांग पुरिंगचे कान

सुसंस्कृत समाजाची पहिली खूण म्हणजे खासगीपणा. फिलिपिन्समधल्या आमच्या गावात ती खूण एकोणीसशे बासष्टपर्यंत नव्हती, कारण गावातले एकूण एक्केचाळीस टेलिफोन मानांग पुरिंग ही एकटी बाई जोडून देत असे. (मानांग म्हणजे ताई. गावातले म्हातारेही तिला ताईच म्हणत.)

तिचं काम अत्यंत बेशिस्त होतं. नंबर कुणी सांगतच नसे. रिसीव्हर उचलून "डॉक्टर" म्हटलं, की ती म्हणे, "आज रविवार ना रे! ते कोंबड्यांच्या झुंजीला बसलेत. थांब, तिथल्या दुकानात लावते. आईचा खोकला परत उसळला वाटतं?"

म्हणजे बाई आमचं बोलणं ऐकत होती! आम्ही तेवीस जणांनी तक्रार-अर्ज केला. पहिली सही माझी (अक्षर चांगलं म्हणून). इलोइलो शहरातल्या टेलिफोन कचेरीतून चौकशीला साहेब आले आणि पुरावे मागू लागले. पुरावे भरपूर होते. एकाच्या घराला आग लागली तेव्हा तो फोनवर नुसता ओरडला, तर पत्ता सांगायच्या आत माणसं बादल्या घेऊन दारात. दुसऱ्याची रुसून माहेरी गेलेली बायको हिनेच परस्पर समजावून परत आणलेली. आरोप निःसंशय सिद्ध झाला.

"तुम्ही लोकांचं बोलणं ऐकत होता?" साहेबांनी विचारलं.

"ऐकल्याशिवाय जोडणार कसं, साहेब? तुमचाही घसा बसलाय. आल्याचा काढा आणू?"

हे वाक्य तिच्याविरुद्ध नोंदवण्यात आलं.

तिच्या जागी स्वयंचलित यंत्र बसलं. त्याला कान नाहीत, असं इंजिनियरने लेखी दिलं.

पहिल्याच रविवारी माझ्या बायकोला कळा सुरू झाल्या. मी डॉक्टरांचा नंबर फिरवला. तो डॉक्टरांच्याच घरी लागला, अगदी अचूक. त्या रिकाम्या घरात फोन चौतीस वेळा वाजला आणि कुणीही काहीही ऐकलं नाही. मी अनवाणीच धावत सुटलो.

चर्चच्या पायरीवर मानांग पुरिंग तांदळाचा केक विकत बसली होती. तिने माझ्या पायांकडे पाहिलं.

"कळा ना? तू घरी पळ, गाढवा. डॉक्टरांना मी घेऊन येते."

मुलगी झाली. लाज वाटली, आजही वाटते. अर्ज मागे घ्यायला गेलो, तर त्यासाठी छापील फॉर्म नव्हता.

तुम्ही हसा, हरकत नाही. तुमचा फोन तर खिशातच असतो. मागच्या खेपेला तुम्ही तापाने पडला होतात, तेव्हा तुम्ही न सांगता कुणाला कळलं होतं?