विसावती नदी आडवी पडली त्याची हकीकत

श्रीविसावती माउली वाहती असो. आणि ज्या दिवशी तिला वाहवणार नाही त्या दिवशी कोणी तिला हाका मारू नयेत, एवढेच लिहिणाराचे मागणे. शके तीनशे सत्तेचाळीस, संवत्सराचे नाव तेव्हा काही निराळे होते, मागाहून लोकांनी जांभईनाम ठेविले, वैशाख शुद्ध पंचमी. ते समयी या राज्यात विसावती नदी वाहत असे, आणि तिचा गुण ऐसा की थकला जीव तिच्यात एक बुडी मारी, सगळा शीण पाण्यात सोडी आणि कोराकरकरीत होऊन बाहेर येई. म्हणोन राज्यात कोणी निजत नसे. घरात खाट नाही, उशी नाही, पाळण्याशी अंगाई नाही. झोप हा शब्दच लोकांच्या तोंडातून गेला होता. अष्टौप्रहर कामे चालत, आणि महाराज त्याचा मोठा अभिमान बाळगीत. मग लोकांनी सोडिलेला शीण जाई कोठे? तर तो खालच्या घाटाशी राखी शेवाळासारखा साचे, आणि तो रोज जाळ्याने ओढून खडकावर वाळत घालण्याचे काम धोंडजी शिणकाढे यांजकडे होते. परक्याचा शीण तो, जाळ्यातून हातांस चिकटे आणि हातांतून खांद्यांवर चढे. आणि रिवाज ऐसा की शिणकाढ्याने नदीत उतरू नये, उतरल्यास काढिलेला शीण फिरून तिच्यातच जावयाचा. तीस वर्षे चाकरी पुरी जाहली म्हणजे मात्र एक बुडी त्यास माफ. तोवर त्याने घरी आडवे व्हावे, म्हणोन उभ्या राज्यात एकच खाट होती, ती धोंडजींची. परंतु चार घटका पाठ टेकून असला शीण कितीसा उतरणार? धोंडजी त्या एका बुडीच्या आशेवर दिवस ढकलीत होते, आणि त्यांची बायको चिमाई हिने त्या दिवसासाठी स्वहस्ते पंचा विणून ठेविला होता, त्यास पाणी म्हणोन लागू दिले नव्हते.

तो दिवस हाच, वैशाख शुद्ध पंचमी. धोंडजी पंचा खांद्यावर टाकून घाटावर आले, तो समोरून धुळीचा लोट उठला. महाराजांची फौज सात वर्षांची मोहीम करून परतत होती; मोहिमेत एक किल्ला घेतला, तो गेला, मग तोच पुन्हा घेतला, ऐसा पराक्रम जाहला होता. चाळीस हजार माणूस, घोडे, उंट आणि हत्ती एकदम पाण्यात शिरले. धोंडजी घसा फोडून ओरडले, "आरं, थोडंथोडं उतरा! येवढं न्हाई झेपायचं तिला!" पण ऐकतो कोण. फौज ताजीतवानी होऊन गेली आणि तिसरे प्रहरी नदी थांबली. आटली नाही, फुटली नाही. पात्रातल्या पात्रात कुशीवर वळली आणि आडवी पडली, आणि पाणी सावकाश वरखाली होऊ लागले.

मग दरबाराचे डोके फिरले. नगारे बडविले, शिंगे फुंकिली, अमात्यांनी नदीस पहिल्या प्रतीचा मान देऊन भरजरी शालू पांघरविला, तो तिने गळ्यापर्यंत ओढून घेतला आणि अधिकच गाढ निजली. मग हुकूम जाहला की शिणकाढ्याने तिजवरील शीण उपसावा. धोंडजींनी जाळे टाकिले, ते फाटले. दुसरे टाकिले, तेही फाटले. मग ते चिखलात बसले आणि नुसते नदीकडे पाहत राहिले. इकडे तिसरे दिवशी नगरात साथ आली. माणसे आ वासू लागली, राजवैद्यांनी जबड्याचा विकार ठरवून एरंडेल पाजिले. सेनापती बोलता बोलता जमिनीवर पडले, डोळे मिटले, घशातून घरघर लागली. मंडळींनी प्राण गेला म्हणोन तिरडी बांधिली, आणि वाटेत सेनापती उठून बसले व "पाणी आणा" म्हणाले, तेव्हा खांदेकरीच पळत सुटले. पाचवे दिवशी महाराज स्वतः घाटावर आले. डोळे लाल, पाय लटपटत, आणि राग तर नाकावर.

"धोंडजी, हा कोणता रोग?"

"रोग न्हवं, म्हाराज. झोप हाय ती."

"औषध?"

"त्येच औषध. आडवं व्हायचं, डोळं मिटायचं, आन् कुनी हाका मारू नयेत."

"आणि नदी कधी उठणार?"

"तिचं उरकलं म्हंजी. तवर ज्यानं त्यानं आपला शीण आपल्या घरी न्यावा."

महाराज काही बोलणार होते, पण तेथेच डुलू लागले. धोंडजींनी त्यांस हाताला धरून घरी नेले आणि आपल्या खाटेवर निजविले, आणि आपण भिंतीस टेकून उभे राहिले. महाराज दोन प्रहर घोरले. उठले ते शांत होऊन उठले, आणि तत्काळ हुकूम जाहला की नगारे बंद, सर्वांनी घरी जाऊन निजावे, सुतारांनी खाटा कराव्यात. लोक निजले. एकविसावे दिवशी नदीने आळस दिला, शालू बाजूस सारिला आणि वाहू लागली, परंतु धार बारीक, दुखण्यातून उठल्यासारखी.

महाराज म्हणाले, "धोंडजी, पहिली बुडी तुमची." सगळा दरबार घाटावर जमला. धोंडजींनी पाय पाण्यात टाकिला, तो धार अडखळली. त्यांनी पाय मागे घेतला. चिमाई काठावरून म्हणाली, "अवो, थांबलासा का? तीस वर्सं ह्याच दिसाची वाट बघत व्हतासा न्हवं?"

"आत्ता कुठं उठलीया ती," धोंडजी म्हणाले. "येवढं वझं तिच्यावर कसं टाकू? चल घरी." आणि त्यांचे डोळे भरून आले, कारण ती बुडी त्यांस हवी होती, फार हवी होती. मग ते ओल्या पायांनी घरी गेले आणि खाटेवर पडले.

दुसरे दिवशी महाराज मानाची वस्त्रे आणि वाजंत्री घेऊन त्यांच्या दारी आले. चिमाई उंबऱ्यात आडवी उभी राहिली.

"निजल्याती. नदीला एकवीस दिस दिलंसा, माझ्या मानसाला येवढं तरी द्या."

महाराजांनी पायांतील जोडे काढून हातात घेतले, वाजंत्र्यांस खूण केली आणि अंगणात मातीवर बसले. मग सगळा दरबार बसला. अमात्यांस जांभई आली, वैद्यांस कोणी बोलाविले नाही. धोंडजी चौथे दिवशी उठले आणि त्यांनी भाकरी मागितली.

तात्पर्य इतकेच की तेव्हापासून शिणकाढ्याचे पद मोडले, ज्याचा शीण त्याच्या खाटेवर, ऐसा ठराव जाहला, आणि नदी साधी नदी म्हणोन वाहते. चिमाईचा पंचा कोराच राहिला. तिने त्यात सावरीचा कापूस भरून धोंडजींस उशी शिविली.