मधलगावच्या तळ्याकाठी पाच महाराज बैसले त्याची हकीकत

श्री. सकळ लेकरांचे कल्याण असो, आणि ज्यास तहान लागेल त्यास पाणी मिळो. शके एकोणीसशे अठ्ठेचाळीस, पराभवनाम संवत्सरे, वैशाख शुद्ध पंचमी, ते दिवशीची ही हकीकत. बाळांनो, जवळ सरकून बसा आणि मनात एक राज्य मांडा. त्यास नाव देऊ नका, नाव दिले की कोणीतरी रुसतो. मग त्या राज्यात एक मोठा मांडव घाला, त्यास वाळ्याचे ओले पडदे सोडा, आणि आत पाच महाराज बसवा. पाचही थोर, पाचही शूर, पाचांच्याही मिशा भरघोस. या पाचांनी पूर्वी मिळून एक मोठे युद्ध जिंकिले होते, आणि त्यात माणसे इतकी मेली की जिंकणाऱ्यांसही वाईट वाटले, आणि मग पुन्हा तसे होऊ नये म्हणून त्यांनी ही जगशांतीची सभा स्थापिली. सभेचा रिवाज ऐसा की, ठराव वाचावा, मग तबकात पाच विडे ठेवावे, पाचांनी पाचही उचलिले तर ठराव पक्का, आणि एक जरी विडा तबकात राहिला तर ठराव रद्द. बहुत वर्षे सभा भरली आणि बहुत विडे तबकात सुकले. सभेचे चिटणीस आबाजीपंत ते विडे घरी नेऊन गाईस घालीत. सभेने आजवर जी काही शांतता निर्माण केली, ती त्या गाईच्या ठायी दिसत असे.

ते दिवशी मधलगावची अर्जी आली. मधलगाव दोन टेकड्यांच्या मधोमध, आणि गावाचे पाणी म्हणजे एकच तळे. दोन टेकड्यांवर दोन नाईक तोफा मांडून बसले होते, हा म्हणे तळे माझे, तो म्हणे तळे माझ्या आजाचे, आणि मग दिवसभर गोळे सुटत, आणि गावातले कोणी घागर घेऊन तळ्याकडे निघाले की दोघांसही तो शत्रूचा माणूस वाटे. अर्जी घेऊन नऊ वर्षांची एक मुलगी उभी होती. आबाजीपंत विचारते जाहले, "नाव काय गं तुझं?"

"येसू."

"बरोबर मोठं कोणी नाही?"

"काका निघाले होते. त्यांच्या पायात गोळ्याची कपची घुसली. म्हणून मी आले, ओढ्याच्या कडेकडेनं."

"बरं, मागणं काय? थोडक्यात सांग हो, महाराजांना जेवायला उठायचंय."

"रोज सकाळी थोडा वेळ तोफा बंद ठेवा. आईला ताप भरलाय आणि रांजणात ओंजळभर पाणी राहिलंय. सगळ्या गावाचं तसंच आहे."

हे ऐकोन सभा गहिवरली. एका महाराजांनी डोळे पुसले, दुसऱ्यांनी येसूच्या अंगावर शाल घातली, वैशाखात, लोकरीची, आणि तिसऱ्यांनी सुचविले की गावाच्या दुःखात सहभागी व्हावे, म्हणून पाचही महाराज उभे राहून घटकाभर पाणी प्याले नाहीत. घटका भरताच सरबत आले. मग तबक फिरले. चार विडे उचलिले गेले. पाचवा राहिला, तो तोफवाले महाराजांचा. दोन्ही टेकड्यांवरच्या तोफा त्यांच्याच कारखान्यात ओतलेल्या होत्या. ते येसूस जवळ घेऊन बोलिले, "पोरी, आमचं काळीज तुटतं गं. पण तोफ थांबली की गंजते, आणि गंजली की लोक कारखान्याला नावं ठेवतात. तू लहान आहेस, तुला नाही कळायचं." ठराव रद्द जाहला. मग सभेस तीव्र चिंता वाटते ऐसे लिहून घेतले, आणि चिंता लिहून होताच सभा आमरसास उठली.

येसू तेथेच उभी राहिली. शाल काढोन तिने घडी घातली आणि विचारिले, "पंतकाका, गाव तर दीड कोसावर. मग इथे एकही गोळा कसा पडत नाही?"

"अगं, जिथे महाराज बसतात तिथून कोसभर तोफ डागायची नाही, असा ठराव आहे."

"त्याला पाचांनीही विडे उचलले?"

"उचलले? पानाला चुना लावून व्हायच्या आत उचलले!"

येसूने मांडवात नजर फिरविली. मांडवात थोरले महाराज एकटे उरले होते. ते वयाने सर्वांत वडील, ठराव न ऐकताच विडा उचलीत, आणि गुडघे धरल्यामुळे सर्वांच्या मागून उठत. येसूने जाऊन त्यांचा हात धरिला.

"आजोबा, चला."

"कुठे गं?"

"तळ्यावर."

"वारा आहे का तिथे?"

"भरपूर आहे."

"मग चल बाई. या पडद्यांत नुसतं घुसमटायला होतं."

आणि थोरले महाराज मुलीचा हात धरून निघाले, आणि मागून पालखी, आणि छत्र. ही बातमी पंगतीत पोहोचली. चारही महाराजांचे हात वाटीतच थांबले. "म्हातारा एकटाच तळ्यावर? तळं घशात घालणार!" ऐसे चौघेही एका सुरात बोलिले, आणि जगशांतीच्या सभेत इतके एकमत त्याआधी एकदाच जाहले होते. आमरस तसाच टाकून चारही पालख्या धावल्या, एक महाराज तर वाटी हातात घेऊनच पालखीत बसले. पाचही महाराज एकमेकांवर नजर ठेवीत तळ्याकाठी बसले. टेकड्यांवरून दोन्ही नाईकांनी पाच छत्रे पाहिली आणि निमूट तोफांच्या वाती विझविल्या. मग मधलगावची दारे उघडली, आणि घागरी, हंडे, कढया, पराती, जे हाती लागेल ते घेऊन माणसे तळ्यावर आली, आणि काठभर नुसता बुडबुड आवाज.

येसू घागर बुडविणार तो तोफवाले महाराज म्हणाले, "इथे कोणी काही बळकावत नाही, आणि ऊन फार आहे. उठा, परत फिरू." पाचही महाराज उठू लागले. गावाची निम्मी भांडी रिकामी होती. तेव्हा येसूने घागर खाली ठेविली, तांब्याभर पाणी आणिले, पाचांच्या मधोमध ठेविले आणि हात जोडिले.

"महाराज, दमून आलात. पण तांब्या एकच आहे. ज्यांचा मान पहिला, त्यांनी आधी घ्यावा."

पाचही महाराज खाली बसले. एक म्हणाले, "मान आमचा, युद्धात पहिली तलवार आमची." दुसरे म्हणाले, "तलवार तुमची, पण मेले ते आमचे." तिसऱ्यांनी वंशावळ मागविली. थोरले महाराज म्हणाले, "अरे, मला तहान लागली आहे रे," तर चौघेही ओरडले, "हात लावू नका!" ऐसे भरल्या तळ्याच्या काठी पाच महाराज कोरड्या घशाने भांडत बसले, आणि ऊन उतरू लागले.

तात्पर्य इतकेच की, त्या दिवशी मधलगावावर तोफ वाजली नाही. सभेने हे आपले यश म्हणून लिहून ठेविले. तळे कोणाचे, याचा निकाल आजतागायत लागला नाही.

शेवटी महाराज थकले आणि येसूस म्हणाले, "पोरी, तूच सांग, मान कोणाचा?"

"विचार करून सांगते," येसू म्हणाली. "तोवर बसा. जे आधी उठतील, त्यांचा मान शेवटचा."

आणि मग तिने घागर भरली, डोक्यावर घेतली, आणि आईकडे निघाली.