टुमटुमाबादची अडलेली वेळ सोडविल्याची हकीकत

टक्. ऐसा एक आवाज नल्लकुंट्याचे तिसरे मजल्यावरील स्वयंपाकघरांत जाहला आणि सकाळची शांतता भंगली. तो आवाज कसला, त्यापासोन केवढा बाका प्रसंग गुदरला, आणि राज्य कैसे वांचले, हे मागाहून येणारांस ठाऊक असावे, म्हणोन जैसे घडले तैसे लिहिले असे. शके एकोणीसशे सत्तेचाळीस, विश्वावसुनाम संवत्सरे, ज्येष्ठ वद्य पंचमी, इंदुवासर, शहर हैदराबाद.

ते समयी जेवणाचे टेबलाखाली टुमटुमाबाद नामें राज्य नांदत होते. चहूंबाजूंस जुनी चादर सोडोन तटबंदी केली होती, आणि उपड्या घमेल्याचे तख्तावर श्रीमंत सायलीराणी सरकार, वय वर्षे चार, विराजमान होत्या. वजिरी एका कानाचे सशाकडे. या मुलखांत घड्याळास मान्यता नव्हती. वेळ आपोआप जात नसे, ती गाऊन पुढे न्यावी लागे. कुकराची शिटी जाहली म्हणजे दरबार उभा राही, आणि मग मातोश्री केतकीबाईसाहेब डोईवर ओढणी घेऊन, ताटावर चमचा वाजवीत, वेळेचे गाणे म्हणत. ते ऐसे:

पहिली शिटी वाजली गं, रात घडी घाला
दुसरी शिटी वाजली गं, सूर्य न्हाऊन आला
तिसरी शिटी वाजली गं, पेज द्या हत्तीला
वेळ आली, वेळ आली, वाट सोडा तिला

हत्तीस पेज पोचली की टुमटुमाबादेंत सकाळ होई, त्याआधी नाही.

आणि त्याच दिवशी मातोश्रींची स्वारी चार वर्षांनंतर प्रथमच कचेरीस निघणार होती. सरकारांचा मुक्काम इंदुताईंचे पाळणाघरी हलणार होता. कचेरीची गाडी कोपऱ्यावर येणार आणि कोणासाठी खोळंबणार नाही, ऐसी ताकीद. नोकरी पुन्हा मिळवितां मातोश्रींचे नाकी नऊ आले होते, आणि पहिलेच दिवशी पाय मागे घेतला तर तो पुन्हा पुढे पडणार नाही, हे त्या पुरते जाणोन होत्या.

खाविंद अनिकेतराव स्वभावें प्रेमळ, परंतु मसलतींत कच्चे. बायकोचे कष्ट वाचावे म्हणोन आदले दिवशी कोठीचे बाजारीं गेले आणि जुना कुकर देऊन विजेचा नवा घेऊन आले. त्यास शिटी नव्हती. भात जाहला की खटका पडे, टक्, इतकेच.

सरकारांनी टक् ऐकिले आणि तटाआडून फर्मान सुटले की, सकाळ जाहली नाही, सबब दात घासणे, फ्रॉक घालणे आणि पाळणाघरी जाणे, ही तिन्ही कामे मोकूफ.

मग अनिकेतराव चालोन गेले आणि तोंडाने शिटी वाजविली. ती नकली ठरली. मग त्यांनी मोबाईलमध्ये कुकराची शिटी शोधोन लाविली, तों वजिराचे मार्फत जबाब आला की, ही शिटी मागेच वाजोन गेली, यांतली वेळ शिळी आहे. अनिकेतराव मोज्यांचा जोड शोधावयास गेले.

तेव्हा मातोश्री स्वतः अनवाणी समोरचे दारीं सत्यवतीकाकूंकडे कुमक मागावयास गेल्या. काकूंचे घराणे निजामाचे अमलापासोन याच शहरीं, त्यांचे शेगडीवर कुकरांत डाळ चढलेली. हकीकत ऐकोन त्या म्हणाल्या, “हौली का काय गं तू, अगदीच खुळी? उचलून ने पोरीला.”

“उचललं तर दिवसभर रडेल हो काकू. आणि मग मी काय काम करणार तिकडे?”

काकूंनी गॅस बंद केला. “ने मग हा कुकर. डाळीसकट ने. शिटी जरा नखरेवाली आहे, परेशान नको होऊ. आणि कुकर मला आजच पाहिजे, तुझ्या त्या टुमटुममध्ये ठेवून घेशील.”

मग तो धगधगता ऐवज दोन टॉवेलांत धरोन मातोश्रींनी आपले शेगडीवर चढविला, आणि ओढणी डोईवर घेऊन टेबलापाशी बैठक मारिली. कुकर फुसफुसला, आणि गप्प बसला. गाडीवाल्याचा फोन आला. त्या क्षणी मातोश्रींचे चित्तांत ऐसे आले की, न वाजली तरी काय बिघडले, राहूं दे आजचा दिवस येथेच, चादरीआड. हे त्यांनी कोणास सांगितले नाही.

इतक्यांत शिटी जाहली. काकूंचे कुकराने एकदा तोंड उघडले ते मिटेना, एकापाठोपाठ तीन. ताटावर चमचा वाजला. रात घडी जाहली, सूर्य न्हाला, आणि हत्तीचे ओळीवर मातोश्रींचा सूर तुटला. अनिकेतराव एक मोजा हातीं घेऊन धावले आणि बेसूर का होईना, हत्तीस पेज पाजिली. मग चादर हालली. सरकार स्वहस्तें पडदा उचलोन बाहेर आल्या, आणि “वाट सोडा तिला” ऐसे म्हणोन ससा बाजूस घेतला.

येणेप्रमाणे वेळ सुटली, दात घासले गेले, फ्रॉक उलटा का होईना अंगावर चढला, आणि गाडी निघावयाचे आंत मोहीम जिना उतरती जाहली. फत्ते जाहली, ऐसे दप्तरीं दाखल केले असे.

जिन्याचे वळणावर सरकारांनी मातोश्रींचे बोट ओढिले आणि विचारिले, “आई, गाणं उलटं म्हटलं, तर काल परत येतो का?”