सेंगमलमच्या बाहीवरचा पोपट

कुंभकोणमच्या त्या गल्लीत नवरात्र लागलं आणि घरोघर पद्मलोचनी अवतरली. सिनेमातली ही लाडकी नटी जे नेसेल ते गल्लीनं नेसायचं, असा रिवाजच होता. यंदा होती मोहरीच्या रंगाची कांचीपुरम साडी, वांगी रंगाचा कोपरापर्यंतच्या बाह्यांचा ब्लाऊज आणि खांद्यावर रुळणारा मोगरा. अलमेलूनं दोन महिने नवऱ्याचं डोकं खाऊन साडी मिळवली. पण वांगी रंगाचा खण साऱ्या पेठेत सापडेना, म्हणून साडी कपाटातच राहिली.

सापडला तो समोरच्या सेंगमलमच्या अंगावर. अलमेलूकडे नवरात्रात मांडलेल्या कोलूच्या बाहुल्या पाहायला ती आली तेव्हा साडी होती दहादा धुतलेली, सुती. पण ब्लाऊज! अस्सल वांगी रेशीम आणि बाह्यांवर जरीच्या पोपटांची रांग.

"अय्यो, अगदी पद्मलोचनी!" बायका ओरडल्या.

अलमेलूचा जळफळाट झाला. त्या तिरमिरीत तिनं प्रसादाच्या सुंडलात, हरभऱ्याच्या उसळीत, दुसऱ्यांदा मीठ घातलं. बायका एकेक घास खाऊन पाणी मागू लागल्या, पण डोळे सगळ्यांचे सेंगमलमच्या बाह्यांवर.

शेवटी अलमेलूला राहवेना. "पोपट झकास आहेत हो," ती म्हणाली, "पण डावीकडचा एक उलटा बसलाय. सगळे पुढे बघतायत, हा एकटा मागे. स्वस्तातला माल असाच!"

सेंगमलमचा चेहरा उतरला. अलमेलूला जरा बरं वाटलं.

"उलटा पोपट?" झोपाळ्यावरून सासूबाईंचा आवाज आला. "इकडे ये गं, बघू." त्यांनी चष्मा लावून सेंगमलमची बाही धरली. "अगं, हा तर माझ्या लग्नातला खण! माझ्या अप्पांनी खास विणून घेतलेला. विणकराची चूक झाली नि एक पोपट फिरला. अलमेलू, गेल्या नवरात्रात मी तुलाच दिला होता ना, विडा-केळ्यांबरोबर तांबूलाच्या पिशवीत?"

अलमेलूनं तो खण उलगडूनही पाहिला नव्हता. तांबूलातला खण कोण उघडून बघतं? विडा नि केळी काढून घ्यायची, पिशवी तशीच ट्रंकेत टाकायची आणि पुढच्या बाईच्या हातात द्यायची. अख्खी गल्ली हेच करते. पण हे सासूला कोण सांगणार?

"हो अम्मा," ती कशीबशी हसली. "मीच दिला सेंगमलमला. मुद्दाम. म्हटलं, तिच्या रंगाला खुलेल."

"किती मोठं मन गं तुझं!" सासूबाईंचे डोळे भरून आले. "मग ती मोहरी साडी तरी कशाला कपाटात कुजवतेस? या खणाची जोडी आहे ती. देऊन टाक तिलाच."

"अक्का, नको हो..." सेंगमलम म्हणाली खरी, पण हात पुढे आला होता.

अलमेलूनं साडी आणली. सेंगमलमनं तिथंच पदर खांद्यावर टाकून पाहिला. "पद्मलोचनीच!" बायका पुन्हा ओरडल्या. अलमेलूही म्हणाली, जरा उशिरा.

सगळ्या गेल्यावर तिनं दार लावलं, ट्रंक उपडी केली आणि साठलेल्या पिशव्या एकेक करून उघडल्या. अकरा खण निघाले, सगळे नायलॉनचे. त्यातले चार तिनंच कधीतरी वाटलेले होते.