लसणीचा क्रंबल

गुरुवारी सकाळी कचऱ्याचा डबा रस्त्यावर ठेवताना क्लिफर्ड बूथरॉइडच्या तोंडून तीन शब्द निसटले आणि पुढचे तीन दिवस त्याचं कशात लक्ष लागलं नाही. ते शब्द होते, "रविवारी चहाला या."

ऐकणाऱ्या होत्या शेजारच्या मिस पेनफोल्ड. आठ महिन्यांपूर्वी त्या दक्षिणेकडून, समुद्रकाठच्या कुठल्याशा गावातून पियानो घेऊन इथे उत्तर इंग्लंडात, यॉर्कशरमध्ये राहायला आल्या. दोघांच्या घरांमध्ये एका विटेची भिंत, त्यामुळे दुपारी त्या वाजवायला बसल्या की क्लिफर्ड आपली आरामखुर्ची भिंतीला चिकटवून ऐकत बसे. हे त्याने कुणाला सांगितलं नव्हतं. आणि त्या गुरुवारी मिस पेनफोल्ड आपला डबा ढकलत आल्या आणि म्हणाल्या, "मिस्टर बूथरॉइड, मंगळवारी घर विकायची पाटी लागेल. दचकू नका."

"का?" क्लिफर्डने विचारलं.

"परत जाते आहे. इथे कुणी बोलतच नाही हो माझ्याशी."

क्लिफर्डला हे फार लागलं. रोज सकाळी तो त्यांना बघून मान हलवत होता, आणि पावसात तर दोनदा हलवत होता. आमच्या भागात याला भरपूर बोलणं म्हणतात. आता अजून काय बोलायचं हे न सुचल्यामुळे त्याच्या तोंडून ते निमंत्रण निसटलं. वेळ त्याने सांगितली नाही, कारण इकडे वेळ कुणी सांगतच नाही. चहा म्हणजे संध्याकाळचं जेवण आणि जेवण साडेपाचला, हे जन्मल्याबरोबर कळतं. "येईन हं," म्हणून मिस पेनफोल्ड आत गेल्या.

क्लिफर्डने लगेच हॅमचा मोठा तुकडा, बटाटे आणि कोबी आणून ठेवला. गोडाला रुबार्बचा क्रंबल, म्हणजे त्याच्या आंबट देठांवर लोणी-पिठाचा चुरा पसरून भाजलेला पदार्थ, करायचा हे ठरलेलंच होतं. परसात उजेड लागू नये म्हणून पालथ्या बादल्यांखाली वाढवलेले त्याचे रुबार्बचे देठ यंदा असे गुलाबी आणि कोवळे आले होते की बादली उचलून बघतानासुद्धा तो टोपी काढत असे. सगळी जय्यत तयारी झाली आणि रविवारी सकाळी त्याची थोरली बहीण मुरिएल येऊन ठेपली.

"हॅम?" ती ओरडली. "अरे, ती बाई दक्षिणेकडची आहे! त्यांच्यात चहा म्हणजे चहा. चार वाजता. एक कप आणि एक तुकडा काहीतरी गोड. बशी मांडीवर ठेवून."

"आणि जेवण?"

"ते रात्री आठला. देवाला ठाऊक कसे जगतात. तू तिच्यापुढे हॅम-बटाटे ठेवलेस ना, तर तिला वाटेल तू घोड्याला बोलावलं होतंस."

मुरिएल ऐन तारुण्यात लंडनला एका घरी दीड वर्ष कामाला होती, त्यामुळे दक्षिणेबद्दल तिचा शब्द अखेरचा. हॅम दिसला तर भावाचा मोह अनावर होईल म्हणून तिने बारा वाजता तो उकडला, आणि बहीणभावांनी बटाटे आणि कोबीसकट तो फस्त केला. मग चांगले कप आणायला ती आपल्या घरी गेली. "चाळीस मिनिटं भाजायचं. चुरा बोटांच्या टोकांनी कर," ती दारातून म्हणाली. "बसचं चाक आवळल्यासारखा आवळू नकोस."

क्लिफर्डने बस दुरुस्तीच्या कारखान्यात छत्तीस वर्षं काढली होती, तेव्हा हा टोमणा नवा नव्हता. त्याने देठ चिरले, पानं विषारी म्हणून लांब टाकली, साखर भुरभुरली. थंड लोणी पिठात चुरलं. मग ओट्सचं पाकीट उचललं तर ते रिकामं! रविवारी दुपारी गावातलं दुकान बंद. दुसरा कुणी असता तर ओट्सशिवाय भागवलं असतं, पण ओट्सशिवाय वरचा थर कुरकुरीत होत नाही, आणि मिस पेनफोल्डना या गावात थांबवण्यासाठी आपल्याजवळ त्या कुरकुरीतपणाखेरीज दुसरं काही नाही अशी त्याची मनापासून समजूत होती. त्याला आठवलं, कबुतरखान्यात ओट्सचं अख्खं पोतं आहे.

क्लिफर्डची कबुतरं शर्यतीची. त्यांचे ओट्स म्हणजे माणसांनी हेवा करावा असे, सोललेले, निवडलेले. त्याने दोन वाट्या आणले, चुऱ्यात मिसळले आणि भांडं ओव्हनमध्ये सारलं. वसंतात शर्यती सुरू होण्याआधी त्या ओट्सना लसणीचं तेल चोळून ठेवायची पद्धत आहे, आणि यंदाही त्याने स्वतःच्या हातांनी ते चोळलं होतं. पण पस्तीस वर्षं कबुतरखान्यात वावरून त्याचं नाक कामातून गेलेलं होतं.

तीन वाजता कप घेऊन परतलेल्या मुरिएलने फाटकातच नाकाला रुमाल लावला.

"क्लिफर्ड! कुणाला हाकलायचं ठरवलंयस? भुताला?"

"काय झालं?"

"लसूण! रुबार्बमध्ये लसूण!"

क्लिफर्डने भांड्यात नाक खुपसलं. तेव्हा कुठे त्याला अंधुकसा वास आला. "मुरिएल," तो म्हणाला, "चाराच्या आत काही कर गं. नाहीतर गेलीच ती गाव सोडून."

धाकट्या भावाचा असा आवाज मुरिएलने फार वर्षांत ऐकला नव्हता. ती तशीच उलट पावली घरी धावली आणि आपल्या ओट्सचं पाकीट घेऊन आली. तोवर क्लिफर्डने दुसरी बादली उचलली, शेवटचे देठ काढले आणि दुसरा क्रंबल पावणेचारला ओव्हनमध्ये गेला. पहिला टाकून देववेना, म्हणून तो ताटली झाकून कबुतरखान्याच्या छपरावर ठेवला.

चार वाजले. बहीणभाऊ पाठ ताठ करून खुर्च्यांवर बसले. दारावर कुणी आलं नाही. चार वाजून पाच मिनिटं झाली आणि भिंतीपलीकडून पियानो सुरू झाला.

"म्हणजे घरात आहे," मुरिएल म्हणाली.

"हं."

"आणि येत नाहीये."

"हं."

रोजच्यासारखं हळुवार वाजवणं नव्हतं ते. पट्ट्यांवर दाणदाण हात आपटत होते. क्लिफर्डला वाटलं, आपल्याला ऐकवण्यासाठीच चाललंय हे. साडेचारला क्रंबल सोनेरी होऊन बाहेर आला. कडेने गुलाबी रस बुडबुडत होता. इतका देखणा क्रंबल त्या घरात कधी झाला नव्हता आणि तो बघायला कुणी नव्हतं.

"जाऊन दार ठोठाव की," मुरिएल म्हणाली.

"मी बोलावलंय एकदा."

"अरे, पण..."

"एकदा बोलावलंय."

पाच वाजले. पियानो चालूच. मुरिएलने एक चमचा उचलला. "थंड होऊन फुकट जाईल," ती म्हणाली. क्लिफर्डने दुसरा चमचा घेतला. दुःखात माणसाला इतकी भूक लागते हे त्याला माहीत नव्हतं. कस्टर्डचा जग रिकामा झाला, भांड्याच्या कडाही खरवडून झाल्या, आणि साडेपाचच्या ठोक्याला दारावरची घंटा वाजली.

दारात मिस पेनफोल्ड. निळा झगा, हातात फुलं, चेहरा पांढराफटक.

"वेळेवर आले ना?" त्या म्हणाल्या आणि पोटातून असा आवाज आला की मुरिएलने मागे वळून ओव्हनकडे पाहिलं. "माफ करा हं. सकाळपासून काही खाल्लं नाहीये. मुद्दाम. मी खाटकाला विचारून घेतलं. तो म्हणाला, 'बाळ, इकडे चहा म्हणजे साडेपाचला पोटभर जेवण, आणि पानात टाकलंत तर यजमान जन्मभर बोलणार नाही.' एकसष्टाव्या वर्षी मला बाळ म्हणाला तो."

क्लिफर्डने मुरिएलकडे बघितलं. मुरिएल छताकडे बघू लागली.

"चार वाजल्यापासून तर भुकेनं जीव जात होता," मिस पेनफोल्ड टेबलाशी बसत म्हणाल्या. "लक्ष दुसरीकडे जावं म्हणून पियानो बडवत बसले. त्रास नाही ना झाला?"

"छे छे," क्लिफर्ड म्हणाला. त्याच्या मिशीला कस्टर्ड लागलेलं होतं.

घरात पावाच्या दोन कडा आणि कबुतरांचे वाटाणे एवढंच उरलं होतं. क्लिफर्ड मागच्या दाराने गेला आणि छपरावरून पहिला क्रंबल घेऊन आला. दुसरा मार्गच नव्हता. त्याने तो गरम करून मोठा वाडगाभर पाहुणीपुढे ठेवला आणि फाशीच्या कैद्यासारखा समोर उभा राहिला. मिस पेनफोल्डनी पहिला घास घेतला. चावणं थांबलं. मग खाटकाची ताकीद आठवून त्यांनी निर्धाराने दुसरा घेतला, तिसरा घेतला.

"वेगळाच आहे," त्या म्हणाल्या. डोळ्यांत पाणी आलं होतं. "ही इकडची पद्धत का?"

"नाही हो," क्लिफर्डला राहवेना. "खाऊ नका. ते ओट्स कबुतरांचे आहेत. लसणीचं तेल लावलेले. चांगला केलेला होता, तो आम्ही दोघांनी खाल्ला. तुम्ही चारला येणार होतात. म्हणजे हिच्या मते. मला वाटलं, आलाच नाहीत."

चमचा वाडग्यात पडला. मिस पेनफोल्डनी आधी क्लिफर्डकडे, मग मुरिएलकडे, मग रिकाम्या भांड्याकडे पाहिलं. "म्हणजे तुम्ही आमच्याकडचा चहा मांडून बसलात आणि मी तुमच्याकडच्या चहासाठी उपाशी?" असं म्हणून त्या हसायला लागल्या. पियानो वाजवणाऱ्या नाजूक बाईचं हसू असेल असं कुणालाही वाटलं नसतं. टेबलावर हात आपटत, ठसका लागेपर्यंत. मुरिएललाही हसू फुटलं. क्लिफर्ड उभाच होता, पण भिंतीच्या अलीकडून हा आवाज ऐकताना त्याला फार बरं वाटत होतं.

मग मिस पेनफोल्डनी वरचा थर बाजूला केला आणि खालचा रुबार्ब पावाच्या कडांनी निपटून खाल्ला. वाडगा लख्ख झाला.

"खालचं मात्र अप्रतिम आहे," त्या म्हणाल्या. "मिस्टर बूथरॉइड, या रुबार्बचा एक गड्डा मला मिळेल? आत्ता लावता येतो ना?"

"येतो की. मार्चातच लावतात."

"आणि खायला कधी मिळतो?"

रुबार्बला पहिल्या वर्षी हात लावायचा नसतो, दुसऱ्या वर्षी एखाददुसरा देठ काढायचा आणि तिसऱ्या वर्षी पोटभर खायचा, हे आमच्या भागातलं शेंबडं पोरही सांगेल. क्लिफर्ड तर कबुतरांच्या शर्यतीची वेळ सांगतानासुद्धा कधी खोटं बोलला नव्हता. त्याने घसा साफ केला.

"सहा वर्षं लागतात," तो म्हणाला.

मुरिएलचा कप ओठांशी थांबला. भावाची एकही चूक दुरुस्त केल्याशिवाय सोडायची नाही, हे तिने तो बोलायला लागल्यापासून पाळलं होतं.

"सहा?" मिस पेनफोल्डनी हळूच विचारलं. "बघायलाही कुणीतरी हवं असेल ना रोज?"

"रोज," क्लिफर्ड म्हणाला. "मधेच सोडून गेलं की रुसतो."

मुरिएलने कप बशीत ठेवला. भावाकडे एकदा नीट बघितलं.

"सहा कुठली!" ती म्हणाली. "इथली माती जड आहे. सात धरा, सात."

मिस पेनफोल्ड उठल्या आणि निळ्या झग्याच्या बाह्या वर सारू लागल्या.

"मग उगाच उशीर नको," त्या म्हणाल्या. "पाटीवाल्याला सकाळी फोन करून नको म्हणते. फावडं कुठे आहे?"